मेंढरांमागची हजेरी

कुलगुरूपद सुटलं की सगळ्यात आधी फोन थांबतो. गाडी जाते, शिपाई जातो, दारावरची पाटी जाते, पण त्याचं फारसं वाटत नाही, कारण ती आपली नव्हतीच हे ठाऊक असतं. फोन मात्र आपला असतो. साताऱ्याला घरी परतल्यावर पहिले काही दिवस मी तो सारखा उचलून बघायचे, बंद पडलाय की काय म्हणून. चांगला चालू होता.

या अंकाच्या संपादकांनी मला 'उच्च शिक्षण तळागाळात नेण्याचा अनुभव' लिहायला सांगितलं आहे, आणि जरा उमेद देणारं लिहा असंही सुचवलं आहे. अनुभव लिहिते. उमेदीचं वाचकांनी आपापलं पाहून घ्यावं. विद्यापीठाचं नाव लिहीत नाही, माणसांची खरी नावंही लिहीत नाही. ज्यांना ओळखायचं ते स्वतःला ओळखतीलच, आणि ते मला फोन करणार नाहीत याची खात्री आहे.

कुलगुरू नेमकं करतो काय, हा प्रश्न मला माझ्या सख्ख्या भावानंसुद्धा विचारला होता. लोकांना वाटतं, शिकवत असेल. शिकवणं सुटतं तेव्हाच माणूस कुलगुरू होतो. सकाळी सह्या, दुपारी बैठका, संध्याकाळी कुठल्यातरी महाविद्यालयात समई पेटवणं. मधल्या वेळात माणसं भेटायला येतात. वर्गाला छप्पर नसताना नवा अभ्यासक्रम मागणारे संस्थाचालक येतात. मुलाच्या गुणांसाठी रडणाऱ्या आया येतात, आणि तो मुलगा खाली मोटरसायकलवर बसून मोबाइल बघत असतो. तासगावचे एक बागाईतदार एकदा द्राक्षांची पेटी घेऊन आले. मी पेटी परत न्यायला सांगितली तर म्हणाले, "मार्कांचं काय न्हाई बाई, फकस्त आमचा प्राचार्य तेवढा बदलून द्या." पेटी त्यांनी परत नेली आणि प्राचार्य तेच राहिले.

या सगळ्या कारभारात एक रीत मला पहिल्या दिवसापासून खुपत होती. विद्यापीठात कोणी कोणाला 'नाही' म्हणत नाही. 'बघतो' म्हणतात. ज्याला 'बघतो' म्हटलं, तो माणूस जिना उतरेपर्यंत त्याचं काम मेलेलं असतं, फक्त त्याला कळवलेलं नसतं. माझे वडील फौजेत सुभेदार होते. आमच्या घरात प्रश्नाचं उत्तर 'होय' किंवा 'नाही', तिसरं काही चालायचं नाही. ती सवय घेऊन मी त्या खुर्चीत बसले आणि खुर्चीत असेपर्यंत कोणालाही 'बघते' म्हटलं नाही. माझ्या 'नाही'नं पुष्कळ माणसं दुखावली, पण कोणी वाट बघत बसलं नाही. या गोष्टीचा मला गर्व होता, आणि तो मी आज लिहितानाही बाळगला असता.

बिरा आणि त्याची मुलगी माया मला भेटायला आले ते उन्हाळ्याच्या तोंडाला. बिरा आटपाडीकडचा धनगर. डोक्याला पटका, खांद्यावर घोंगडं. त्याची काठी खाली सुरक्षारक्षकानं काढून घेतली होती, त्यामुळे मोकळ्या हाताचं काय करावं हे त्याला उमगत नव्हतं. माया बी. ए.च्या पहिल्या वर्षाला होती. हजेरी भरली नाही म्हणून तिला परीक्षेला बसू देत नव्हते, आणि महाविद्यालयाचं काही चुकत नव्हतं. नियमच तसा आहे. ठरलेले तास वर्गात बसलं नाही तर परीक्षा नाही.

ज्यांना आमचा भाग माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. आटपाडी, जत, माण हा पूर्वेचा भाग कोरडा. दिवाळी झाली की तिकडची मेंढरं खाली कृष्णाकाठाला उतरतात आणि पावसाळा तोंडावर आला की परत फिरतात. तिकडं मेंढरांना बकरीच म्हणतात. सोबत घोड्यावर संसार, कुत्री, बायका, लेकरं. नदीकाठचे ऊसवाले शेतकरी या कळपांची वाटच बघत असतात. ऊस तुटून रान मोकळं झालं की रात्री त्यात बकरी बसवायची, म्हणजे लेंडीखत मिळतं. कळपाभोवती वाघर म्हणजे जाळीचं कुंपण लावतात आणि बाजूला धनगराचा तळ पडतो. कराडजवळच्या आमच्या रानातही दरवर्षी कळप बसतो. माझा भाऊ, आम्ही त्याला दादा म्हणतो, जावयाचं करावं तसं त्या धनगरांचं आदरातिथ्य करतो.

मायाच्या आईला दम्यानं चुलीपुढं बसवत नव्हतं. थोरला भाऊ पुण्याला कंपनीत. धाकटी बाणू गावात आत्याकडं राहून शाळेत जात होती. म्हणजे तळावर भाकरी थापायला आणि नव्या जन्मलेल्या कोकरांकडं बघायला माया हवीच. मी लगेच वसतिगृहाचा विषय काढला. मुलींच्या वसतिगृहात राखीव जागा होत्या, त्या मीच वाढवून घेतल्या होत्या, आणि कोणी अडचण सांगितली की वसतिगृह काढून दाखवायची मला खोड होती. बिरानं सगळं नीट ऐकून घेतलं.

"आवं बाई, पोरगी ऱ्हाईल की वसतिगृहात," तो म्हणाला. "पर कोकरं कुठल्या वसतिगृहात ठिवू?"

तोवर खाली बघत असलेली माया बोलली. "आमचा तळ पडतो तिथनं कॉलेज दिसतं, मॅडम. आत माझाच तास चालू असतो. फक्त ते माझं कॉलेज नसतं."

"आमची बकरी कुणाच्याबी रानात चालत्यात," बिरा म्हणाला. "मालक सोता बोलावून न्हेतो. पोरगीच तेवढी कुठं चालत न्हाई."

बापलेक गेल्यावर मी पुढची बैठक रद्द केली आणि खिडकीशी उभी राहिले. आमच्या हाताखाली सातारा-सांगलीभर महाविद्यालयं होती. पुस्तकं तीच, परीक्षा तीच, आणि शिक्षकांना पगारही एकाच ठिकाणाहून. मग आटपाडीच्या मुलीनं पौषात तासगावला, माघात मिरजेला आणि पुढं कराडला वर्गात बसून हजेरी लावली तर कोणाचं काय बिघडणार होतं? कळप जिथं उतरेल तिथल्या महाविद्यालयानं तिला वर्गात घ्यायचं आणि तिची हजेरी तिच्या मूळ महाविद्यालयाला कळवायची. एवढी साधी गोष्ट. तिला आम्ही नाव दिलं 'फिरती हजेरी'. पहिल्या वर्षापुरती मायाला मी माझ्या अधिकारात परीक्षेला बसवलं आणि ही योजना विद्या परिषदेपुढं नेली. काय शिकवायचं आणि कसं, हे ठरवणारी ही सभा.

तिथं विरोध झाला, पण गोड आवाजात. एका ज्येष्ठ प्राचार्यांनी विचारलं की मुलीबरोबर बकरीही वर्गात येणार का. सगळे हसले, मीही हसले, कारण न हसता मतं मिळत नाहीत. दुसरे म्हणाले, आज धनगर आले, उद्या ऊसतोडवाल्यांची पोरं येतील. मी म्हटलं, त्यांच्यासाठीच दार उघडं ठेवतेय. शेवटी प्रयोग म्हणून मंजुरी मिळाली. 'प्रायोगिक तत्त्वावर' या शब्दांकडं मी तेव्हा समाधानानं बघितलं होतं. आत शिरायला एवढी फट पुरे, असं मला वाटलं.

पहिला मुक्काम तासगावचा. दुपारी मी मायाला फोन केला, कसं काय चाललंय म्हणून. ती प्राचार्यांच्या केबिनमध्ये होती. सकाळपासून तिथंच होती. कुलगुरूंच्या पत्रावरून आलेली मुलगी म्हणजे कुलगुरूंचं माणूस, अशी त्या भल्या माणसानं समजूत करून घेतली होती. तिला चांगल्या खुर्चीत बसवलं होतं, दोनदा चहा झाला होता, बेदाणे पुढं ठेवले होते, आणि वर्गात मात्र कोणी सोडलं नव्हतं. तिकडं तळावर कोकरं बापाच्या गळ्यात घालून ती आली होती ती बेदाणे खायला नव्हे. मी प्राचार्यांना फोनवर घेतलं आणि सांगितलं, चहा राहू द्या, तिला बाकावर बसवा. त्यांनी बसवलं, पहिल्या बाकावर, आणि शेजारचा बाक आदरानं मोकळा ठेवला.

मिरजेला पोचल्यावर दुसरीच गंमत उघडकीला आली. माया इतिहासाची विद्यार्थिनी. प्रत्येक महाविद्यालय आपल्या चालीनं शिकवतं, कोणी पुढं, कोणी मागं. तासगावात फ्रेंच राज्यक्रांती चालू होती. ती संपवून माया मिरजेला गेली तर तिथं ती नुकतीच सुरू झालेली. कराडला आली तर तिथल्या सरांनी उजळणी म्हणून पुन्हा तीच काढली. "मॅडम, तीन गावांत तीनदा राजा मारला," ती मला म्हणाली, "आणि रशियाची क्रांती कुठंच झाली न्हाई." परीक्षेत प्रश्न रशियावर आला. तिनं तो तळावर कंदिलाच्या उजेडात पुस्तक वाचून तयार केला होता. ती पास झाली, आणि त्या आनंदात मी विद्यापीठभर परिपत्रक काढलं की सगळ्यांनी एकाच क्रमानं शिकवावं. ते कोणी पाळलं नाही, पण मला बरं वाटलं.

कराडचं महाविद्यालय आमच्या रानाला लागून आहे. ती जमीन वडिलांनीच संस्थेला दिलेली. मधे कमरेएवढी भिंत. बिराचा कळप त्या वर्षी दादाच्या रानात बसला, तेव्हा मी एकदा मुद्दाम गेले होते. माया सकाळी कोकरांना त्यांच्या आयांखाली लावून, हात धुऊन, ओढणी नीट करून त्या भिंतीवरून पलीकडं उतरायची. फाटक लांब पडायचं. तिला तसं जाताना बघितलं आणि मला भरून आलं. मी नोकरीत इमारती बांधल्या, करार केले, परदेशी पाहुण्यांना फेटे बांधले. पण आपण खरंच काहीतरी केलं असं मला त्या भिंतीपाशी वाटलं.

हळूहळू आणखी मुली आल्या. ऊसतोडीवर आलेल्या जोडप्याचा एक मुलगा आला. ही गोष्ट आता रुजली, असं मी धरून चालले. पण 'प्रायोगिक' हा शब्द काढून तिचा कायमचा नियम करायचा तर पुन्हा विद्या परिषदेतूनच जायला हवं होतं. माझी मुदत संपत आलेली, मायाचं शेवटचं वर्ष चालू. मी विषय पत्रिकेवर घेतला, प्रत्येक सदस्याला आधी भेटले, हात जोडले. हात जोडणं माझ्या स्वभावात नाही, तरी जोडले.

बैठकीत विरोध कोणीच केला नाही. सगळ्यांनी स्तुती केली. एवढ्या महत्त्वाच्या विषयाचा सर्व बाजूंनी अभ्यास व्हावा म्हणून एक समिती नेमली. मी म्हटलं, अभ्यास कसला, मुली वर्गात बसलेल्याच आहेत. अध्यक्षस्थानी मीच होते, पण मतं त्यांची होती. ज्यांनी बकरी वर्गात येणार का असं विचारलं होतं, त्याच प्राचार्यांनी बैठकीच्या शेवटी मला शाल घातली आणि माझ्या दूरदृष्टीबद्दल चार शब्द बोलले. ती समिती अजून अभ्यास करते आहे.

मी घरी आले, आणि पुढं काय झालं ते मला बिरानं कळवलं. कराडच्या बाजारातून कोणाच्यातरी फोनवरून बोलत होता. मायाचं हॉल तिकीट आलं नव्हतं. प्रयोगाची मुदत मॅडमच्या मुदतीबरोबर संपली, असा कोणीतरी अर्थ लावला होता, आणि दिवाळीनंतर मूळ महाविद्यालयाच्या वर्गात ती दिसली नव्हती, म्हणून तिथून पुढची हजेरी शून्य.

मी फोन करायला बसले. कुलसचिवांना केला, परीक्षा विभागाला केला, आटपाडीकडच्या प्राचार्यांना केला. सगळे अदबीनं बोलले, तब्येतीची चौकशी केली. आणि सगळे म्हणाले, "बघतो, मॅडम."

मग मी विद्यापीठात गेले. माझ्याच दालनाबाहेर माझ्याच शिपायानं मला बाकावर बसवलं, आणि तो बिचारा अवघडून माझ्याकडं बघेना. नवे कुलगुरू भला माणूस. त्यांनी उठून स्वागत केलं, चहा सांगितला. तुमचं काम ऐतिहासिक आहे, म्हणाले. मी म्हटलं, मुलीची परीक्षा आठवड्यावर आली आहे. त्यांनी डोळे मिटून मान हलवली, जणू ते दुःख त्यांचंही होतं. त्यांचा अडचणीचा मुद्दाही खोटा नव्हता. नियम नसताना एकीला बसवलं तर उद्या कोर्टात दुसरा उभा राहील. निघताना तेही म्हणाले, "बघतो मी." मी जिना उतरले. उतरताना मला आठवलं की हा जिना मी पूर्वी कधी पायी उतरत नसे, मला लिफ्ट असायची.

परीक्षा झाली. माया त्या परीक्षेला नव्हती. मी बिराला फोन लावून सांगितलं की माझ्याच्यानं काही झालं नाही. तो म्हणाला, "ऱ्हाऊ द्या बाई. तुमी तरी कुणाकुणाला सांगताल." त्याच्या या समजूतदारपणाचाच मला जास्त त्रास झाला. त्यानं दोन शिव्या घातल्या असत्या तर मला चाललं असतं.

पुढच्या वर्षी मायानं ते वर्ष पुन्हा केलं. या वेळी ती मेंढरांमागं गेली नाही. गावात आत्याकडं राहिली, रोज महाविद्यालयात गेली, हजेरी भरली आणि चांगल्या गुणांनी पास झाली. साताऱ्याला पेढे घेऊन आली तेव्हा मी तिला मिठी मारली. मी विचारलं, यंदा कोकरं कोणी सांभाळली? ती म्हणाली, "केली कायतरी सोय." मी पुन्हा विचारलं नाही, कारण मी आनंदात होते. तिचा पदवीच्या झग्यातला फोटो विद्यापीठानं आपल्या वार्षिक अहवालाच्या मुखपृष्ठावर छापला. खाली लिहिलं होतं, सर्वांसाठी उच्च शिक्षण.

गेल्या हिवाळ्यात मी दादाकडं राहायला गेले होते. सकाळी रानात चक्कर मारायला निघाले तर बिराचा कळप बसलेला. बिरा बकरी पाजायला नदीला गेला होता. तळावर एक मुलगी डालग्याखाली, म्हणजे मोठ्या टोपलीखाली, झाकलेली कोकरं एकेक काढून त्यांच्या आयांना लावत होती. चेहरा मायाचा, पण वय लहान. तिनं मला ओळखलं, मला तिचं नाव आठवावं लागलं. ती बाणू होती.

मी विचारलं, शाळा? सहज विचारलं, सुट्टी असेल अशा समजुतीनं. तिनं कोकराच्या तोंडातला चिखल बोटानं काढला आणि सांगितलं की शाळा सुटून आता दुसरा हिवाळा. अक्काला शेवटच्या वर्षाला गावात ऱ्हावं लागलं, मग तळावर कुणी यायचं? बाणूला दहावीला बसायचं होतं, पण ती उठून आली. अक्का रात्रभर रडली, मीच जाते म्हणाली, पण आईनं सांगितलं, जिचं संपत आलंय तिचं आधी संपू द्या. माया आता विट्याला एका क्लासमध्ये शिकवते, भाकरी-कोकरांना परत येणं तिला जमण्यातलं नाही. बाणूला बघायला पाहुणे येऊन गेले होते. हे सगळं तिनं तक्रार न करता सांगितलं, हाताचं काम चालूच होतं.

मी खाली ढेकळावर बसले. माझी फिरती हजेरी कशासाठी होती? घरातल्या एकीनं शिकायचं म्हणून दुसरीनं उठायचं, ही वेळ कोणावर येऊ नये यासाठी. तो नियम गेला आणि पहिला हिशेब याच घरात झाला. मी ज्या पेढ्यांनी तोंड गोड केलं ते कोणाच्या जिवावरचे होते, हे मला त्या रानात कळलं.

भिंतीपलीकडं महाविद्यालयाची घंटा झाली. मुली वर्गाकडं पळाल्या, एकीची चप्पल निसटली, मागचीनं ती उचलून तिला दिली. बाणू हातात कोकरू धरून ते बघत होती. ही तीच भिंत होती, जिच्यावरून तिची बहीण पलीकडं उतरायची.

"अक्काचं झालं," ती म्हणाली. "आता माजं कवा वो, बाई?"

होय म्हणायला माझ्या हातात खुर्ची नव्हती. नाही म्हणायला तोंड उघडेना. सुभेदाराची मुलगी मी, आणि मला तिसराच शब्द सुचला.

"बघते," मी म्हटलं.

बाणूनं मान हलवली आणि कोकरू आईखाली सोडलं.

हा अंक तुमच्या हातात पडेल तेव्हा बकरी खाली उतरायला लागलेली असतील. दादानं परवाच विचारलं, बिराचा कळप यंदाही आपल्याच रानात बसवायचा ना? मी त्याला सांगितलं, बसव, पण भिंतीपासून जरा लांब बसव.